चिमणरावांचें घर आणि कागलचें घर

विनोदाचें आयुष्य अल्प असतें, असा एक समज आमच्या टीकाकारांत रूढ आहे. करुणरस पिढ्यान्‌पिढ्या टिकतो. हंसें मात्र त्या त्या काळच्या चालीरीतींवर उभें असल्यामुळें, चाल मोडली कीं हंसेंही मोडतें, असें याचें कारण सांगण्यांत येतें. हा समज अगदींच निराधार आहे असें नाहीं. श्रीपाद कृष्ण कोल्हटकरांच्या 'सुदाम्याच्या पोह्यां'नीं मराठी विनोदाचा पाया घातला हें सर्वमान्य आहे. तथापि त्यांतील सुदामा, बंडूनाना व पांडूतात्या यांच्या कित्येक लीला आजच्या तरुण वाचकास समजावून सांगाव्या लागतात, आणि समजावून सांगितलेल्या विनोदास मनापासून हंसणारा माणूस आम्हांस अद्याप भेटलेला नाहीं. मग चिंतामण विनायक जोशी यांचे चिमणराव या नियमांतून कसे सुटले? 'एरंडाचें गुऱ्हाळ' १९३२ सालीं निघालें, 'चिमणरावांचें चऱ्हाट' त्याच्या पुढच्या वर्षीं. १९४० सालीं त्या घराचा बोलपट झाला, १९७७ सालीं मुंबई दूरदर्शनवर त्याची मालिका सुरू झाली, आणि १९७९ सालीं पुन्हां चित्रपट झाला. ज्या घरांत आजोबांनीं हीं पुस्तकें वाचलीं, त्याच घरांत नातवांनीं तीं माणसें पडद्यावर पाहिलीं, आणि दोघेही एकाच जागीं हंसले. हें घर इतकें कां टिकलें, आणि तें कोणाकोणाचें घर होऊं शकलें, याचा थोडा विचार करण्याचें आम्हीं येथें योजिलें आहे. आम्ही तो कागलास बसून करीत आहों, यास कारण आहे; तें पुढें येईलच.

प्रथम घराची ओळख. जोशी यांचा जन्म १८९२ चा, पुण्याचा. नोकरी मात्र बडोद्यास. ते पाली भाषेचे अध्यापक, बौद्ध वाङ्मयाचे व्यासंगी, आणि गायकवाड सरकारच्या दप्तराचे अधिकारी होते. १९६३ सालीं ते निवर्तले. एवढ्या गंभीर पेशाच्या माणसानें एका भित्र्या कारकुनाचा संसार हातीं धरिला आणि आपल्याच चिंतामण या नांवाचें लाडकें रूप त्या कारकुनास दिलें. चिमणरावांच्या पत्नीचें नांव काऊ. मुलांचीं मोरू, मैना आणि राघू. सारें घर पांखरांचें आहे, आणि घरट्यांत असावा तितका कलकलाटही त्यांत आहे. शिवाय जुन्या वळणाच्या मातोश्री आहेत, बहीण चिमी आहे, आणि दारांत सोटा आपटीत गुंड्याभाऊ उभे आहेत. चिमणराव किडकिडीत व शंकेखोर. गुंड्याभाऊ धिप्पाड व निःशंक. एकाच्या मनांत येतें तें दुसऱ्याच्या हातून होतें, आणि होऊं नये तेंच नेमकें होतें.

या सर्व फजित्या चिमणराव स्वतःच सांगतात, ही गोष्ट फार महत्त्वाची आहे. आम्हांस पुष्कळदां असें वाटतें कीं, ही रीत त्या पाली पंडितानें जातकांवरून उचलली असावी. जातकाच्या शेवटीं समोधान येतें. त्या जन्मींचा तो राजा, तो वानर, तो सार्थवाह कोण होता हें सांगून भगवान् 'तो मीच' अशी ओळख पटवितात. चिमणरावांच्या गोष्टींचेंही समोधान असेंच असतें. फरक इतकाच कीं, जातकांतील 'मी' बहुधा शहाणा असतो. (हा आमचा तर्क आहे, त्यास पुरावा मागणारांनीं मागूं नये.)

चिमणरावांचा विनोद निर्मळ आहे, असें आजवर इतक्यांनीं म्हटलें आहे कीं त्या विशेषणाचा अर्थ पाहण्याचें कोणी मनांत आणीत नाहीं. विनोद निर्मळ आहे हें आम्हांसही मान्य आहे. परंतु घर तसें नाहीं. शांत मनानें पाहिलें तर तेथें एकही मनुष्य आपल्या जागेवर नाहीं. कुटुंबाचा कर्ता पुरुष कर्ता नाहीं. कचेरींत वांकलेली मान घरीं ताठ करूं पाहतो, आणि ती ताठ होण्यापूर्वींच कोणीतरी हंसतें. पत्नीस त्याच्याहून अधिक कळतें, पण कळत नाहीं असें दाखविण्याची तिच्यावर सक्ती आहे. ती सक्ती तिला नेहमींच पाळवत नाहीं. मुलें आईबापांचें खोटें पाहुण्यांसमोर उघडें पाडतात. मदतीस धांवून येणारा भाऊ प्रत्येक संकट दुप्पट करून ठेवतो. खोटी ऐट, लपविलेली ओढाताण, नातेवाइकांचें भय, शेजाऱ्यांचा मत्सर, यांवांचून तेथें दिवस जात नाहीं. हेंच सर्व गंभीर लेखणीनें लिहिलें असतें तर वाचकानें उसासे टाकले असते. म्हणजे, हें घर सुखी आहे म्हणून आपण हंसत नाहीं. तें बिघडलेलें आहे, आणि बिघडूनही मोडत नाहीं, म्हणून हंसतों.

असें घर त्याच वेळीं कां अवतरलें, याचें उत्तर इतिहासांत आहे. गांवचा वाडा व वतन सोडून शहरांत खोल्या घेऊन राहिलेला, इंग्रजी शिकलेला आणि महिन्याच्या पगारावर जगणारा वर्ग एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस पुण्यामुंबईस चांगलाच वाढला. वाड्यांतील कर्त्या पुरुषाचा अधिकार जमिनीवर व माणसांवर उभा होता; खोलींतील कर्त्याचा अधिकार साहेबाच्या मर्जीवर उभा राहिला. अधिकार गेला, पण त्याची ऐट राहिली. या दोहोंमधील अंतर हीच चिमणरावांची खरी जहागीर. दुसरें कारण लग्नाचें. मुलीचें लग्न जमविणें हा विषय जोशांच्या पूर्वीं गडकऱ्यांनींही हाताळला होता; 'बाळकरामां'तील ठकीच्या लग्नाची मोहीम कोण विसरेल? परंतु गडकऱ्यांची ठकी ही निव्वळ अतिशयोक्तीची सृष्टि आहे, तर चिमी ही घरांतील मुलगी आहे. मधल्या काळांत शिकलेल्या घरांत मुलीच्या लग्नाचें वय वाढत गेलें होतें. १९२९ सालीं सारडा कायदा झाला व पुढच्या वर्षीं अमलांत आला. त्यानें मुलीचें वय चौदा ठरविलें. कायद्याच्या आधींपासूनच मध्यम वर्गांतील मुली चौदाच्या पुढें जाऊन घरीं बसूं लागल्या होत्या. मुलगी पाहणें, नाकारणें, पुन्हां पाहणें, हुंड्याची घासाघीस, पत्रिकेचें निमित्त, हा सगळा खेळ वर्षानुवर्षें लांबला, आणि लांबलेला खेळ हेंच प्रहसनाचें भांडवल असतें. चिमीच्या लग्नासाठीं चिमणराव व गुंड्याभाऊ यांनीं केलेली पायपीट त्या पिढीच्या प्रत्येक वधूपित्यानें केली होती. फक्त कोणी ती छापली नव्हती.

येथें कोल्हापूर या कथेंत शिरतें. कोल्हापुरास बाबूराव पेंटरांनीं चित्रपटाचा उद्योग रुजविला होता. १९२९ सालीं 'प्रभात' तेथेंच जन्मली व १९३३ सालीं पुण्यास गेली. मास्टर विनायक हे कोल्हापुरचे. त्यांनीं बाबूराव पेंढारकर व पांडुरंग नाईक यांच्याबरोबर १९३६ सालीं कोल्हापुरांत 'हंस पिक्चर्स' काढली. अत्र्यांच्या 'ब्रह्मचारी' व 'ब्रँडीची बाटली' या बोलपटांनीं त्यांनीं महाराष्ट्रास पोट धरून हंसविलें. दुसऱ्या बोलपटांत, म्हणजे १९३९ सालीं, एक भाबडा कारकून नायक होता, आणि ती भूमिका तिरप्या नजरेच्या दामुअण्णा मालवणकरांनीं केली होती. पुढच्याच वर्षीं विनायकांनीं 'नवयुग'साठीं 'लग्न पहावें करून' घेतला, त्या वेळीं चिमणराव कोण करणार हा प्रश्नच उरला नव्हता. गुंड्याभाऊ विष्णुपंत जोग झाले. १९४२ सालीं 'सरकारी पाहुणे' या बोलपटांत हीच जोडी पुन्हां आली. पाश्चात्य पडद्यावरील लॉरेल व हार्डी यांची आठवण पुष्कळांनीं काढली. ती साहजिक आहे, पण अपुरी आहे. लॉरेल व हार्डी यांस एकच ठरलेलें असें घर नाहीं. ते पुष्कळदां जगांत मोकळे हिंडतात. चिमणराव व गुंड्याभाऊ कोठेंही गेले तरी संध्याकाळीं त्यांना काऊपुढें उभें राहावें लागतें. विनायकांच्या विनोदांतील मार्मिकता ही कीं त्यांनीं या दोघांस घरापासून तोडलें नाहीं. १९४७ सालीं, वयाच्या अवघ्या एकेचाळिसाव्या वर्षीं, ते गेले. नाहीं तर हें घर पडद्यावर आणखी वाढलें असतें यांत आम्हांस शंका नाहीं.

दूरदर्शनच्या मालिकेविषयीं विस्तारानें लिहिण्याचें कारण नाहीं. ज्यांनीं ती पाहिली ते आजही तिच्याविषयीं आपण होऊन बोलतात. दिलीप प्रभावळकर चिमणराव, बाळ कर्वे गुंड्याभाऊ, आणि दिग्दर्शन विजया धुमाळे यांचें. दर भागांत तेंच घर, तींच माणसें आणि नवें संकट, ही जी मालिकेची रीत आज सर्वांच्या अंगवळणीं पडली आहे, ती मराठी प्रेक्षकांस या घरानें शिकविली. त्या काळच्या पुष्कळ कार्यक्रमांप्रमाणें याही मालिकेचे फार थोडे भाग आज पाहावयास मिळतात. त्यामुळें एक चमत्कारिक गोष्ट घडली आहे: जी कृति बहुतेकांस पाहतां येत नाहीं, तिची कीर्ति पाहणारांच्या सांगण्यावर वाढत आहे. तिच्यांतील उणिवा कोणास दाखवितां येत नाहींत, हा त्या कीर्तीचा एक फायदाच म्हणावा लागेल.

बिघडलेल्या घराचें हें आकर्षण आपल्याकडेच आहे असें नव्हे. अमेरिकेंत १९५५-५६ सालीं 'द हनीमूनर्स' ही मालिका झाली. तिचे अवघे एकोणचाळीस भाग. बस हांकणारा, मोठमोठे बेत करणारा आणि प्रत्येक बेतांत तोंडघशीं पडणारा तो नवरा, व त्याच्या उघड्याबोडक्या खोलींत त्यास एका वाक्यानें जमिनीवर आणणारी ती बायको, हीं दोघें तिकडील लोक आजही विसरलेले नाहींत. १९८९ पासून 'द सिम्प्सन्स' हें चित्रांचें कुटुंब चाललें आहे. त्यांतील मुलें इतक्या वर्षांत मोठीं झालीं नाहींत आणि बापही शहाणा झाला नाहीं. आपल्याकडे २००४ ते २००६ या काळांत 'साराभाई व्हर्सेस साराभाई' ही हिंदी मालिका झाली. आतिश कपाडिया यांनीं लिहिलेल्या या मालिकेस प्रथम प्रेक्षक बेताचेच मिळाले. पण मागून तिचे भाग पुन्हां पुन्हां पाहणारांची संख्या वाढत गेली. त्यांतील श्रीमंत सासू आपल्या सुनेस सदोदित 'मध्यमवर्गीय' म्हणून हिणवते. गंमत अशी कीं, ती शिवी ऐकून सर्वांत अधिक हंसतो तो मध्यमवर्गच! नव्वद वर्षांपूर्वीं चिमणरावांनीं त्यास स्वतःला हंसण्याची जी संवय लावली, तीच ही.

या सर्व मालिकांचा एक अलिखित नियम आहे. भागाच्या आरंभीं घर जेथें असतें, शेवटीं तें तेथेंच आणून ठेवावयाचें. मध्यंतरीं कितीही उत्पात होवोत. नोकरी जाते असें वाटलें तरी ती जात नाहीं, रुसून माहेरीं निघालेली पत्नी दारांतून परत फिरते, नापास झालेला मुलगा पुढच्या वर्षीं पुन्हां बसतो. प्रेक्षकास हें ठाऊक असतें, म्हणूनच तो निर्धास्त हंसतो. ही निर्धास्तता कोठून येते? आमच्या मतें ती पहिल्या तारखेच्या पगारांतून येते. चिमणरावांचा पगार तुटपुंजा असेल, पण तो येतो. त्या तुटपुंज्या पण निश्चित रकमेवर सगळा विनोद उभा आहे. 'हनीमूनर्स'मधील बसवाला गरीब आहे खरा; पण त्याचीही मजुरी ठरलेली आहे.

हा नियम जेथें लागूं पडत नाहीं, तेथें बिघडलेल्या घराचें काय होतें? याचें उत्तर शोधावयास आम्हांस फार दूर जावें लागत नाहीं. कागल हें कोल्हापुरच्या दक्षिणेस, बंगळूरच्या हमरस्त्यावरील आमचें गांव. दूधगंगेपलीकडे लवकरच कर्नाटकाची हद्द लागते. कागलकर घाटग्यांच्या घराण्यांतून दत्तक जाऊन शाहू छत्रपति कोल्हापुरच्या गादीवर बसले, आणि त्यांनीं १९१७ सालीं संस्थानांत प्राथमिक शिक्षण सक्तीचें व मोफत करण्याचा कायदा केला. याच कागलांत १९३५ सालीं, म्हणजे 'चऱ्हाट' निघाल्यावर दोनच वर्षांनीं, आनंद यादव जन्मले. त्यांचें 'झोंबी' हें आत्मचरित्र १९८७ सालीं निघालें व १९९० सालीं त्यास साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. त्यास प्रस्तावना पु. ल. देशपांडे यांनीं लिहिली आहे. महाराष्ट्राच्या सर्वांत लाडक्या विनोदकारानें या पुस्तकाच्या दारांत उभें राहावें, हा योगायोग आम्हांस अर्थपूर्ण वाटतो.

'झोंबी'तील घर व चिमणरावांचें घर समोरासमोर ठेवून पाहावीं. माणसें जवळजवळ तींच: हेकट बाप, सोसणारी पण बोलणारी आई, पुष्कळ मुलें, देणेकऱ्यांची धास्ती, शाळेचा प्रश्न. काळही तोच. परंतु येथील बापास पहिली तारीख नाहीं. दुसऱ्याची जमीन खंडानें कसावयाची आणि पाऊस व भाव यांच्या हातीं वर्ष सोंपवावयाचें. चिमणरावांचा मुलगा शाळा चुकवितो, तेव्हां तो बापाचा एक तास वाया घालवितो. कागलच्या कुळाचा मुलगा शाळेंत जातो, तेव्हां मळ्यावरचे दोन हात कमी होतात, आणि बाप त्यास शाळेंतून ओढून आणतो. नापास होण्याचा विनोद व्हावयास पुन्हां बसण्याची सोय असावी लागते. येथें एकदां सुटलेली शाळा परत मिळविण्यासाठीं मुलास बापाशींच झोंबी घ्यावी लागते. त्या घरांत भाग संपल्यावर कोणीही सर्वांस पूर्वींच्या जागीं नेऊन ठेवीत नाहीं. बापाचा हेका तोच. पण एका घरीं तो हंसें होतो आणि दुसऱ्या घरीं मार होतो.

पुस्तकांचीं नांवें पाहिलीं तरी हा भेद ध्यानांत येतो. 'एरंडाचें गुऱ्हाळ', 'चिमणरावांचें चऱ्हाट', 'वायफळाचा मळा', 'रहाटगाडगें': जोशांनीं हे शब्द शेतांतून उचलले, आणि ते सर्व निरर्थक पाल्हाळाच्या अर्थानें वापरले. पुण्याबडोद्याच्या वाचकास ते केवळ वाक्प्रचार होते. कागलांत गुऱ्हाळ म्हणजे रात्रभर पेटलेली चुलवण व कढईंतील रस. चऱ्हाट म्हणजे गुरें बांधण्याची व भारे आवळण्याची दोरी. आणि मळा म्हणजे शाळा सुटण्याचें कारण. शब्द तेच, पण एकाच्या तोंडीं ते थट्टेचे झाले आणि दुसऱ्याच्या खांद्यावर ओझ्याचे.

यावरून कोणी असा निष्कर्ष काढील कीं, चिमणराव हे एका जातीचें व एका पेठेचें कौतुक आहे, आणि बहुजनांच्या कागलास त्याचें काय! हा आक्षेप आमच्या गांवीं आम्हीं ऐकलेला आहे, आणि तो झटकून टाकण्यासारखा नाहीं. चिमणरावांच्या घरांतील सोवळें, तेथील नातीं, तेथील बोलणें हें सारें आमच्या बाजारपेठेंतील घरांस परकें होतें. १९७७ सालीं मालिका झाली, तेव्हां दूरदर्शन इकडे पोंचलेलेंही नव्हतें. चिमणराव येथें आले ते पुस्तकांतून आणि कोल्हापुरच्या बोलपटगृहांतून, म्हणजे ज्यांस वाचतां येत होतें व ज्यांच्या खिशांत तिकिटापुरते पैसे होते त्यांच्याकडेच. तरीही आक्षेप आम्हांस अर्धाच खरा वाटतो. आमच्या परिचयाच्या शेतकरी घरांतून पहिल्यानें मास्तर किंवा कारकून झालेले जे लोक होते, त्यांनीं चिमणराव ज्या आवडीनें वाचले ती आवड उसनी नव्हती. सोवळें त्यांनीं ओलांडून टाकलें. ऐट आणि पगार यांमधील अंतर मात्र त्यांनीं तत्काळ ओळखलें, कारण तें त्यांच्याही घरांत नुकतेंच येऊन बसलें होतें. गांवाकडून येणारे पाहुणे, बहिणीच्या लग्नाचें कर्ज, साहेबापुढें वांकलेली मान, यांस जात नसते. मात्र ती ओळख पटण्यासाठीं त्यांस आधीं पगारापर्यंत पोंचावें लागलें, हेंही तितकेंच खरें. यादव स्वतः पुढें पुणें विद्यापीठांत मराठीचे प्राध्यापक झाले, म्हणजे चिमणरावांच्याच शहरीं पगारदार झाले. पण त्यांच्या आत्मचरित्राच्या पुढील भागांत, 'घरभिंतीं'त, मागें राहिलेल्या भावंडांचें ओझें पगाराबरोबर चालत येतें, आणि विनोदास लागणारी ती निर्धास्तता त्यांच्या वांट्यास सहजासहजीं येत नाहीं.

२००१ सालीं 'श्रीयुत गंगाधर टिपरे' ही मालिका सुरू झाली. प्रभावळकरांच्या 'अनुदिनी'वरून केदार शिंदे यांनीं ती केली, आणि जे प्रभावळकर चोवीस वर्षांपूर्वीं चिमणराव होते, तेच येथें आबा, म्हणजे घरांतील आजोबा झाले. टिपऱ्यांचें घर चिमणरावांच्या घराहून पुष्कळ शहाणें आहे. आमच्या मतें किंचित् अधिकच शहाणें आहे, आणि तेवढ्या मानानें त्याचा विनोद सौम्य झाला आहे. पण एव्हांना कागलांत घरोघरीं दूरदर्शन-संच आले होते, साखर कारखान्याचा पगार घेणारीं घरें झालीं होतीं, आणि शेतावर राबलेले वृद्ध मुलासुनांच्या व नातवंडांच्या शेजारीं बसून ही मालिका पाहत होते. नातू आबांशीं वाद घालूं लागला कीं मुलें प्रथम हंसत, आणि ते वृद्ध किंचित् मागून. त्यांतील एकानें आम्हांस सांगितलें कीं, नातू आजोबास उलट बोलला यांत त्यास नवल वाटलें नाहीं. आजोबा त्यावर हंसला, याचें वाटलें.